वेब एडिटरमध्ये ओळींमधलं अंतर: ‘दीड’ म्हणजे नेमकं किती?

प्रश्न थोडक्यात असा. पुण्यातली एक छोटी टीम शिवाजीनगर कोर्टात काम करणाऱ्या वकिलांसाठी ब्राउझरमध्ये मसुदे लिहायचं ॲप करते आहे. एडिटर थेट कंटेंटएडिटेबलवर, म्हणजे पानावरचा मजकूर जागच्या जागी बदलू देणाऱ्या ब्राउझरच्या सोयीवर, बांधलेला आहे. ओळींमधलं अंतर बदलायला टूलबारवर ड्रॉपडाउन आहे आणि तो निवडलेल्या मजकुराभोवती स्पॅन (ओळीतल्या तुकड्याला गुंडाळणारा टॅग) घालून त्याला लाइन-हाइट (ओळीची उंची) लावतो. तक्रारी तीन आहेत. अंतर वाढवता येतं, पण कमी होत नाही. मराठी आणि इंग्रजी एकाच परिच्छेदात आलं की ओळी असमान दिसतात. आणि वर्डमध्ये दीड अंतरावर पानात ३० ओळी बसतात, तिथे या ॲपच्या पीडीएफमध्ये ३४ बसतात, त्यामुळे वकील म्हणतात की तुमचा दीड खोटा आहे.

ड्रॉपडाउन ठीक आहे. चुकतंय ते दोन ठिकाणी: आकडा कुठे लावला जातोय आणि तो कशाचा गुणक धरलाय.

पहिली तक्रार सोपी आहे. सीएसएसमध्ये (पानाचं रूप ठरवणारी भाषा) परिच्छेदाची, म्हणजे ब्लॉकची लाइन-हाइट प्रत्येक ओळीची किमान उंची ठरवते. ओळीच्या सुरुवातीला शून्य रुंदीचा एक अदृश्य टेकू उभा आहे असं समजा. ब्लॉकचा फाँट १६ पिक्सेल आणि लाइन-हाइट १.५ असेल, तर टेकू २४ पिक्सेलचा. आतल्या स्पॅनला १ दिलं तर स्पॅनची पेटी १६ पिक्सेलची होते, पण ओळ २४ च्या खाली येत नाही, कारण टेकू तसाच उभा असतो. स्पॅनला २ दिलं की पेटी ३२ ची होते आणि ओळ ताणली जाते. म्हणून वाढतं, पण कमी होत नाही. शिवाय निवड ओळीच्या मध्यावर संपली तर त्या ओळीपर्यंत अंतर वाढतं आणि पुढची ओळ जुन्याच अंतरावर राहते. परिच्छेद अर्धा ताणलेला, अर्धा आवळलेला दिसतो. ओळींमधलं अंतर हा अक्षरांचा गुण नाही, परिच्छेदाचा आहे. ठळक किंवा तिरक्या अक्षरांसारखं त्याला वागवू नका.

तेव्हा स्पॅन काढून टाका आणि निवडीला स्पर्श करणारे सगळे ब्लॉक शोधून त्यांच्यावर आकडा ठेवा: परिच्छेद, शीर्षकं, यादीतले घटक, तक्त्यातल्या पेशी. कर्सर नुसता उभा असेल, काहीच निवडलेलं नसेल, तरी त्या परिच्छेदाला अंतर लागलं पाहिजे. वर्डमुळे लोकांना तीच सवय आहे. ब्लॉक शोधताना एक खड्डा हमखास लागतो. तीनदा क्लिक करून परिच्छेद निवडला की क्रोममध्ये रेंजचा, म्हणजे निवडलेल्या पट्ट्याचा, शेवट बऱ्याचदा पुढच्या परिच्छेदाच्या शून्याव्या स्थानावर जाऊन बसतो. डोळ्याला एकच परिच्छेद निवडलेला दिसतो, आणि अंतर मात्र दोघांना लागतं. रेंज रिकामी नसेल आणि तिचा शेवट एखाद्या ब्लॉकच्या अगदी सुरुवातीला असेल, तर तो शेवटचा ब्लॉक वगळा. हा बग चाचणीत सुटतो, कारण डेव्हलपर माउस ओढून निवडतात आणि टायपिस्ट तीनदा क्लिक करतात.

टूलबारवर क्लिक केल्यावर निवड जाते ही दुसरी नेहमीची रड. बटण तुमचं स्वतःचं असेल तर माउसडाउनवर प्रिव्हेंटडीफॉल्ट करा, म्हणजे ब्राउझरची नेहमीची कृती थांबवा; फोकस एडिटरमध्येच राहतो. ब्राउझरचा मूळ सिलेक्ट वापरलात तर तो फोकस घेणारच; मग उघडण्याआधी रेंज जपून ठेवावी लागते आणि पर्याय निवडल्यावर परत बसवावी लागते. आणि डॉमवर (ब्राउझरने धरलेल्या पानाच्या रचनेवर) थेट स्टाइल लिहिलीत तर तो बदल ब्राउझरच्या अनडूमध्ये येत नाही. वापरणारा कंट्रोल-झेड दाबतो, अंतर तसंच राहतं आणि आधी टाइप केलेलं वाक्य गायब होतं. एक्झेककमांड या ब्राउझरच्या तयार संपादन-सोयीत ओळींच्या अंतरासाठी कमांडच नाही, त्यामुळे ती पळवाटही नाही. स्वतःचा इतिहास ठेवावा लागतो, नाहीतर तयार मॉडेल असलेला एडिटर घ्यावा लागतो. माझं स्पष्ट मत: वकिलांचे मसुदे सांभाळायचे असतील तर कच्च्या कंटेंटएडिटेबलवर आणखी वेळ घालवू नका.

क्विल हा तयार एडिटर घेतला तर त्याच्या पार्चमेंट या भागातला स्टाइलॲट्रिब्युटर किंवा क्लासॲट्रिब्युटर वापरा, स्कोप ब्लॉक ठेवा आणि चालणाऱ्या आकड्यांची यादी व्हाइटलिस्टमध्ये द्या. डेल्टामध्ये, म्हणजे क्विल मजकूर ज्या रचनेत ठेवतो तिच्यात, हा गुण ओळ संपवणाऱ्या न्यूलाइनवर बसतो, तेच बरोबर आहे. स्नो थीममध्ये तुमचा नवा ड्रॉपडाउन कोरा दिसेल. कोड बिघडलेला नसतो, त्या थीमचं सीएसएस फक्त शीर्षक, फाँट आणि आकार यांचीच लेबलं दाखवतं. तुमच्या पिकरसाठी बिफोरचा कंटेंट स्वतः लिहावा लागतो. टायनीएमसीई या दुसऱ्या एडिटरमध्ये लाइनहाइट बटण तयार मिळतं आणि ते ब्लॉकवरच लागतं. फक्त आकड्यांची यादी बदलून घ्या. टिपटॅपमध्ये मात्र जपून. त्याचं तयार लाइनहाइट एक्स्टेन्शन टेक्स्टस्टाइल मार्कवर चालतं, म्हणजे स्पॅनच तयार करतं, आणि तुम्ही पुन्हा पहिल्या तक्रारीवर येता. तिथे ॲडग्लोबलॲट्रिब्यूट्सने पॅरेग्राफ आणि हेडिंग या नोडना स्वतःचा ॲट्रिब्यूट जोडा आणि निवडीतले सगळे नोड एकाच ट्रान्झॅक्शनमध्ये बदला, म्हणजे एका अनडूमध्ये सगळं परत येतं. टिपटॅप ज्यावर बांधलाय ते प्रोझमिरर नुसतं वापरत असाल तर एंटरकडे लक्ष द्या. परिच्छेदाच्या शेवटी एंटर मारल्यावर त्याचा स्प्लिटब्लॉक नवा कोरा परिच्छेद देतो, जुन्याचं अंतर पुढे नेत नाही. डबल स्पेसमध्ये टाइप करणाऱ्याला प्रत्येक परिच्छेदाला पुन्हा ड्रॉपडाउन उघडावा लागला, तर तो दुपारपर्यंत वर्डमध्ये परत गेलेला असेल.

आता दुसरी तक्रार, असमान ओळी. लाइन-हाइट नॉर्मल ठेवली की ओळीची उंची फाँटच्या स्वतःच्या मापांवरून ठरते. टाइम्स न्यू रोमनमध्ये देवनागरी नाही. त्यामुळे ‘वादी’ किंवा ‘प्रतिवादी’ आलं की ब्राउझर सिस्टिममधला दुसरा फाँट आणतो, त्याची माप वेगळी, आणि तेवढीच ओळ उंच होते. एककाशिवायचा आकडा दिला की उंची फाँटच्या मापांऐवजी फाँट-साइजवरून निघते आणि ओळी सारख्या होतात. म्हणून एडिटरच्या मुळाशी नॉर्मल ठेवूच नका, आकडा द्या.

आणि आकडाच द्या, टक्के किंवा ईएम नको. १५० टक्के लिहिलं की ब्राउझर तिथल्या तिथे गुणाकार करून आलेले २४ पिक्सेल खाली वारशाने देतो. त्यात ३२ पिक्सेलचं शीर्षक दोन ओळींचं झालं की त्या एकमेकींवर चढतात. नुसतं १.५ लिहिलं तर १.५ हाच वारसा जातो आणि शीर्षक स्वतःच्या मापाने ४८ पिक्सेलची ओळ घेतं.

मराठीसाठी खालची मर्यादाही ठरवून टाका. रोमन लिपीला १ चालून जातं, देवनागरीला नाही. वर रफार, वेलांटी आणि अनुस्वार एकमेकांवर बसतात, खाली उकार आणि ऋकार लोंबतात. चाचणीसाठी एका ओळीत ‘उद्धृत’ आणि तिच्या बरोबर खाली ‘मूर्तींचे’ येईल असा मजकूर घ्या. १ वर द्धृचा ऋकार र्तींच्या रफारावर टेकतो आणि अनुस्वाराचा टिंब कुणाचा ते कळत नाही. न्यायालयीन कागदात अनुस्वार हरवणं परवडत नाही. ‘त्याने’ आणि ‘त्यांनी’ यांतला फरक तिथे महत्त्वाचा असतो. मराठी टेम्प्लेटला सीएसएसच्या मापाने १.४ च्या खाली जाऊ देऊ नये, आणि मूळ अंतर १.६ च्या आसपास ठेवावं. पहिल्या ओळीचीही काळजी घ्या: पेटीला ओव्हरफ्लो हिडन असेल आणि अंतर कमी असेल, तर पहिल्या ओळीच्या वेलांट्या वरून छाटल्या जातात. त्याच कारणाने ठरावीक उंचीच्या पेट्या टाळा. वेब सगळ्यांना वापरता यावं म्हणून केलेल्या डब्ल्यूसीएजी २.१ या नियमावलीतला १.४.१२ हा निकष असं सांगतो की वाचणाऱ्याने स्वतःहून लाइन-हाइट फाँटच्या १.५ पट केली तरी मजकूर कापला जाऊ नये. तिथेच अडथळा नको म्हणून एडिटरच्या सीएसएसमध्ये इम्पॉर्टंटही लिहू नका.

तिसरी तक्रार खरी गंमतीची आहे, कारण दोन्ही बाजू आपापल्या जागी बरोबर आहेत. टाइपरायटरच्या काळापासून सिंगल, दीड, डबल हे शब्द चालत आलेत. तिथे सिंगल म्हणजे इंचाला सहा ओळी, आणि बाकीचं त्याच्या पटीत. वर्डने तीच कल्पना ठेवली. वर्डचा दीड म्हणजे फाँटच्या नैसर्गिक ओळीच्या दीडपट. सीएसएसचा दीड म्हणजे फाँट-साइजच्या दीडपट. टाइम्स न्यू रोमनची नैसर्गिक ओळ फाँट-साइजच्या सुमारे १.१५ पट असते. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये दाखल करायच्या कागदांसाठी जो नमुना ठरवला त्यावर हिशोब करून पाहू: ए४ कागद, टाइम्स न्यू रोमन, १४ पॉइंट, दीड अंतर, वरखाली २ सेंटिमीटर समास. कागदाची उंची २९७ मिलिमीटर, समास वजा जाता २५७, म्हणजे सुमारे ७२८ पॉइंट. वर्डची ओळ १४ × १.१५ × १.५, म्हणजे २४.१५ पॉइंट, पानात ३० ओळी. सीएसएसची ओळ १४ × १.५, म्हणजे २१ पॉइंट. पानात ३४ ओळी. तक्रारीतले आकडे नेमके इथून आले. वकील खोटं बोलत नाहीत आणि ब्राउझरही नाही.

ड्रॉपडाउनवर लिहिलेला ‘दीड’ वर्डचा असावा, सीएसएसचा नाही. इथल्या वापरणाऱ्यांना दुसरा दीड माहीतच नाही. म्हणून साठवताना वर्डच्या पटीतला आकडा साठवा आणि दाखवताना गुणाकार करा: फाँटची नैसर्गिक पट एका सीएसएस व्हेरिएबलमध्ये ठेवा आणि लाइन-हाइट म्हणजे कॅल्कमध्ये १.५ गुणिले ते व्हेरिएबल. दोन्ही आकड्यांना एकक नसल्यामुळे उत्तरही एककाशिवाय येतं आणि वारसा बिघडत नाही. फाँटची पट शोधायला एका ओळीचा डिव्ह घ्या, फाँट-साइज १०० पिक्सेल, लाइन-हाइट नॉर्मल, आणि उंची मोजून १०० ने भागा. १६ पिक्सेलवर मोजू नका. ब्राउझर फाँटचा चढ आणि उतार (आधाररेषेच्या वरचं आणि खालचं माप) पूर्ण पिक्सेलवर आणतो, आणि लहान आकारावर ती चूक मोठी दिसते. हे वेबफाँट लोड झाल्यावरच करा, नाहीतर भलत्याच फाँटचं माप हाती येईल. मराठी फाँटची पट मोठी असते, मंगलची तर बरीचच, त्यामुळे तो दीडवर फार मोकळा वाटेल.

मात्र मिश्र मजकुरात वर्डशी ओळ न ओळ जुळवायचा हट्ट सोडा. वर्डमध्येही पटीच्या अंतराला ओळीतला सगळ्यात उंच फाँट उंची ठरवतो, म्हणजे तिथेही मराठी शब्दाची ओळ थोडी फुगते. तुमच्या ओळी सारख्या येतील. पानांची संख्या थोडी पुढेमागे होईल. टेम्प्लेटगणिक एक मुख्य फाँट, त्याची एक पट, एवढंच ठेवा.

सर्वोच्च न्यायालयाच्या याच नमुन्यात उताऱ्यांसाठी १२ पॉइंट आणि सिंगल अंतर सांगितलंय. म्हणजे संपूर्ण दस्तऐवजाला एकच आकडा देऊन भागत नाही, ब्लॉककोटला स्वतःचा हवा. ड्रॉपडाउनमध्ये सिंगल, १.१५, दीड, डबल एवढे पुरे, आणि सगळ्यात वर ‘मूळ’. ‘मूळ’ निवडल्यावर कुठलाही आकडा लिहायचा नाही, आहे तो ॲट्रिब्यूट काढून टाकायचा. तरच उद्या टेम्प्लेट बदलल्यावर ते परिच्छेद सोबत बदलतील. निवडीत वेगवेगळी अंतरं असतील तर ड्रॉपडाउन रिकामा दाखवा. सध्याचं अंतर गेटकंप्युटेडस्टाइलने विचारू नका, तो १.५ ऐवजी पिक्सेल सांगतो, कधी नॉर्मल. मॉडेलमधला ॲट्रिब्यूटच वाचा. वर्डचे कंट्रोल-१, कंट्रोल-५, कंट्रोल-२ हे शॉर्टकट ब्राउझरमध्ये टॅब बदलतात, ते घेऊ नका.

बऱ्याच जणांना ‘ओळींमधलं अंतर’ म्हणताना परिच्छेदांमधलं अंतर हवं असतं. त्यासाठी शेजारीच ‘परिच्छेदानंतर जागा’ असा वेगळा पर्याय द्या आणि तो मार्जिनने करा. नाहीतर लोक रिकामे एंटर मारतात आणि डबल स्पेसमध्ये ते दुप्पट फुगतात. शिफ्ट-एंटरने तोडलेल्या ओळी एकाच परिच्छेदाच्या असतात हेही मदतीच्या पानावर एका वाक्यात सांगून टाका. पत्ता शिफ्ट-एंटरने लिहिणाऱ्याला फक्त शेवटच्या ओळीचं अंतर बदलायचं असतं आणि बदलतं सगळ्या पत्त्याचं.

पेस्टमध्ये सगळ्यात जास्त घाण येते. गुगल डॉक्समधून १.१५ अंतराचा मजकूर आणला तर एचटीएमएलमध्ये १.३८ दिसतं, कारण तिथे आधीच १.२ ने गुणलेलं असतं. सिंगलचं १.२, डबलचं २.४. तेव्हा गुगलचा आकडा १.२ ने भागून जवळच्या पर्यायावर आणा. वर्डचं एचटीएमएल उलट वागतं: तिथे १५० टक्के म्हणजे वर्डचाच दीड, त्याला भागायचं नाही. १०७ टक्के दिसलं तर घाबरू नका, ते वर्डचं बरीच वर्षं मूळ असलेलं १.०८ आहे, सरळ ‘मूळ’ करा. पॉइंटमधला आकडा आणि शेजारी एमएसओ-लाइन-हाइट-रूल एक्झॅक्टली असं दिसलं तर ते ठरावीक अंतर आहे. फाँट-साइजने आणि मग फाँटच्या पटीने भागून जवळचा पर्याय घ्या. ब्लॉक सोडून इतर कुठल्याही टॅगवरची लाइन-हाइट सरसकट पुसा. हे पुसणं जुन्या मसुद्यांवरही एकदा चालवा. क्रोम बॅकस्पेसने दोन परिच्छेद जोडताना मजकुराला स्टाइलसकट स्पॅन गुंडाळतो, त्यामुळे ड्रॉपडाउनला हात न लावताही कागदात लाइन-हाइट शिरलेली असते. बूटस्ट्रॅप ३ हे तयार सीएसएस वापरलेल्या जागी साठवलेल्या मजकुरात १.४२८५७ असा विचित्र आकडा सापडतो तो असाच, २० भागिले १४.

साठवताना इनलाइन स्टाइलपेक्षा क्लास किंवा डेटा-ॲट्रिब्यूट बरा, आणि कारण सुरक्षेचं आहे. पानावर काय चालू द्यायचं ते ठरवणाऱ्या कंटेंट सिक्युरिटी पॉलिसीत स्टाइल-एसआरसी कडक असेल आणि अनसेफ-इनलाइन नसेल, तर एचटीएमएलमधली स्टाइल ब्राउझर दुर्लक्षित करतो. पण जावास्क्रिप्टने एलिमेंटच्या स्टाइल प्रॉपर्टीवर लिहिलेलं चालतं. परिणाम असा की एडिटरमध्ये अंतर छान दिसतं आणि जतन करून पान पुन्हा उघडलं की नाहीसं होतं. दोन दिवस डेटाबेस तपासण्यात जातात. सर्व्हरवरचा सॅनिटायझर, म्हणजे एचटीएमएलमधलं धोकादायक ते गाळणारा कोड, तोही तपासा: नोडची सॅनिटाइझ-एचटीएमएल लायब्ररी स्टाइल ॲट्रिब्यूट आपणहून काढून टाकते, डॉमप्युरिफाय तो ठेवते. चार-पाच ठरलेले क्लास असतील तर दोन्हीकडे तेवढ्यांनाच परवानगी द्या.

पीडीएफ सर्व्हरवरच्या हेडलेस (खिडकीशिवाय चालणाऱ्या) क्रोममधून काढत असाल तर तिथे देवनागरी फाँट बसवलेला असावा, शक्यतो एडिटरमध्ये आहे तोच वेबफाँट, आणि डॉक्युमेंट-फाँट्स-रेडी झाल्यावरच छपाई सुरू करावी. नाहीतर ओळींची उंची बरोबर येईल, पण शब्दांची रुंदी बदलल्याने ओळी भलतीकडे तुटतील.

वर्डची डॉक्स (.docx) फाइल बनवणं वर्डच्या पटीत साठवल्यामुळे सोपं होतं: आकडा गुणिले २४०, नियम ऑटो. सिंगल २४०, १.१५ ला २७६, दीडला ३६०, डबलला ४८०. ठरावीक अंतर मात्र त्याच रकान्यात पॉइंटच्या विसाव्या भागात लिहितात, आणि इथे एक योगायोग फसवतो. १८ पॉइंटचं ठरावीक अंतरही ३६० च होतं. लाइनरूल लिहायचं विसरलं तर वर्ड तो ऑटो धरतो आणि ठरावीक १८ पॉइंट दीडपट होऊन जातात. १२ पॉइंटच्या मजकुरात फरक पटकन दिसत नाही, २० पॉइंटच्या शीर्षकात लगेच दिसतो. ठरावीक अंतर लागलंच तर मराठीसाठी एक्झॅक्ट ऐवजी ॲटलीस्ट लिहा. एक्झॅक्टमध्ये वर्ड ओळीबाहेरचं सगळं छाटतो, आणि ‘मूर्तींचे’ची वेलांटी रफारासकट कापून छापतो.